पाच महिन्यांत 11 वेळा डॉक्टरांकडे: हे प्रमाण जास्त आहे का?

कळंबा रोडची आई

सर्वांना नमस्कार. माझी मुलगी 3 वर्षे 2 महिन्यांची असून जूनपासून ती एका खासगी बालवाडीत जाते. काल रात्री कपाटातली प्लास्टिकची पिशवी रिकामी करून तिचे सगळे केसपेपर आणि चिठ्ठ्या मी चटईवर तारखेप्रमाणे लावल्या, तेव्हा जून ते ऑक्टोबर या काळात आपण तिला 11 वेळा डॉक्टरांकडे नेले हे पहिल्यांदा लक्षात आले. प्रत्येक वेळी नेणारी मीच होते, पण आकडा असा एकदम समोर आल्यावर मन अस्वस्थ झाले.

त्यांपैकी 7 वेळा सर्दी, खोकला आणि ताप होता, 2 वेळा जुलाब, एकदा कान दुखत होता आणि एकदा अंगावर पुरळ आले होते. एकदाही तिला दाखल करावे लागले नाही. घराजवळच्या फॅमिली डॉक्टरांकडे 5 वेळा, राजारामपुरीतल्या बालरोगतज्ज्ञांकडे 4 वेळा, सीपीआर या कोल्हापूरच्या सरकारी रुग्णालयाच्या बाह्यरुग्ण विभागात एकदा आणि माहेरी गडहिंग्लजला एकदा असे आम्ही गेलो. आधीचे कागद मी कुठेच नेले नाहीत आणि कुणी मागितलेही नाहीत. या 11 कागदांपैकी फक्त दोनांवर तिचे वजन लिहिलेले आहे. फ्रिजच्या दारात अर्ध्या राहिलेल्या पाच बाटल्या निघाल्या. त्यांतल्या दोन बाटल्यांवरची नावे वेगळी असली तरी आत अँटिबायोटिक एकच आहे, हे बारीक अक्षरे वाचल्यावर कळले.

माझ्या सासूबाईंचे पहिले मूल गावाकडे तापातच गेले. त्यामुळे "लेकरू तापलं की बसून राहायचं नाही" असे त्या म्हणतात तेव्हा त्यांच्या भीतीला मी नावे ठेवू शकत नाही. दुसरीकडे, साध्या सर्दीला दर वेळी औषध कशाला, हे पतीचे म्हणणेही मला पटते. एवढ्या वेळा नेणे योग्य आहे का, आणि कधी घरीच थांबावे व कधी तातडीने निघावे, हे जाणकारांनी सांगावे ही विनंती.

निवृत्त परिचारिका, राधानगरी तालुका

ताई, तुम्ही कागद तारखेप्रमाणे लावलेत हे फार चांगले केलेत, कारण तुमच्या प्रश्नाचे निम्मे उत्तर त्या चटईवरच आहे.

आकड्याने घाबरू नका. 5 वर्षांखालील मुलाला वर्षातून सहा ते आठ वेळा सर्दी-खोकला होणे स्वाभाविक मानले जाते आणि बालवाडीच्या पहिल्या वर्षी, त्यातही आपल्याकडच्या पावसाळ्यात, ते प्रमाण आणखी वाढते. यातले बहुतेक आजार विषाणूंमुळे होतात. ताप तीन-चार दिवसांत उतरतो, खोकला मात्र दोन-तीन आठवडे रेंगाळू शकतो, आणि मूल खेळत-खात असेल तर तो रेंगाळणारा खोकला म्हणजे औषध लागू पडले नाही असे नव्हे. दुसऱ्या आठवड्यात डॉक्टर बदलणारे पालक मी नोकरीत असताना रोज पाहिले. नव्या डॉक्टरांना आधीचे काही माहीत नसते, म्हणून ते पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करतात आणि घरात बाटल्या वाढतात.

कधी निघावे, हे तापाच्या आकड्यापेक्षा मुलाच्या श्वासावरून आणि हालचालीवरून ठरवावे. मूल शांत किंवा झोपलेले असताना त्याचा झबला वर करा, सेकंदकाटा असलेले घड्याळ शेजारी ठेवा आणि पोट वर-खाली होते ते पूर्ण एक मिनिट मोजा. अर्धा मिनिट मोजून दुप्पट करू नका. 2 महिन्यांपर्यंतच्या बाळाचे श्वास मिनिटाला 60 किंवा त्याहून जास्त, 2 महिने ते 1 वर्ष वयात 50 किंवा जास्त, आणि 1 ते 5 वर्षे वयात 40 किंवा जास्त भरले तर तो जलद श्वास समजावा आणि त्याच दिवशी दाखवावे. श्वास घेताना छातीचा खालचा भाग आत ओढला जात असेल, मूल काहीच पीत नसेल, घेतलेले सगळे उलटून टाकत असेल, झटके आले असतील किंवा हाक मारूनही ते नीट जागे होत नसेल, तर मात्र घड्याळ बघत बसू नये, सरळ मोठ्या रुग्णालयात जावे. 3 महिन्यांपेक्षा लहान बाळाला 100.4 अंश फॅरेनहाइट किंवा जास्त ताप असेल तर बाकी लक्षणे नसली तरी थांबू नये. सासूबाईंना हे श्वास मोजणे अवश्य शिकवा; त्यांच्या भीतीला हाताशी धरण्याजोगे काहीतरी मिळेल.

जुलाबाच्या दोन खेपांत ओआरएस आणि झिंक दिले होते का, तेही चिठ्ठीवर पाहा. 6 महिन्यांवरील मुलाला झिंक रोज 20 मिलिग्रॅम याप्रमाणे 14 दिवस द्यायचे असते, आणि जुलाब तिसऱ्या दिवशी थांबले म्हणून बहुतेक घरांत ते तिथेच बंद होते.

आता मला खरोखर खटकलेली गोष्ट सांगते. या 11 खेपांपैकी एकही खेप मूल बरे असतानाची नाही. वजन, उंची, दात, डोळे, बोलणे, लसीकरण हे सगळे बघण्यासाठीसुद्धा ओपीडी असते. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम 2013 मध्ये सुरू झाला, त्यात पथके अंगणवाडीत वर्षातून दोनदा आणि सरकारी व अनुदानित शाळांत एकदा तपासणी करतात. पण तुमची मुलगी खासगी बालवाडीत असल्यामुळे ती या तपासणीतून सुटण्याची शक्यता आहे. कृपया तिचे माता व बाल संरक्षण कार्ड काढा आणि त्यातला 16 ते 24 महिन्यांच्या लसींचा रकाना भरलेला आहे का ते मला सांगा.

औषध दुकानदार, लक्ष्मीपुरी

परिचारिका ताईंनी वजनाचा उल्लेख केला, त्याला माझी पुरवणी. मुलांचे औषध वयावर नव्हे तर वजनावर ठरते. पॅरासिटामॉलची मात्रा एका वेळी साधारणपणे किलोमागे 10 ते 15 मिलिग्रॅम असते. पण एका बाटलीत 5 मिलिलिटरला 120 मिलिग्रॅम असतात, दुसरीत तेवढ्याच औषधात 250, आणि तान्ह्या बाळांच्या थेंबांत एका मिलिलिटरलाच 100. "मागच्या वेळेएवढेच द्या" असे म्हणत आई दुसरी बाटली उचलते तेव्हा मात्रा दुप्पट होऊ शकते. म्हणून प्रत्येक चिठ्ठीवर आजचे वजन लिहून देण्याची विनंती डॉक्टरांना करावी. त्यात संकोच वाटण्यासारखे काहीही नाही.

उरलेली अँटिबायोटिक्स आजच काढून टाका. पाण्यात कालवलेली ही औषधे काही दिवसांतच निकामी होतात. खोकल्याच्या औषधांबद्दल सांगायचे, तर ऑक्टोबर 2025 मध्ये केंद्राच्या आरोग्य सेवा महासंचालनालयाने स्पष्ट कळवले आहे की 2 वर्षांखालील मुलांना सर्दी-खोकल्याची औषधे लिहून देऊ नयेत आणि 5 वर्षांखालील मुलांनाही ती साधारणपणे सुचवू नयेत. तरीही रोज पालक चिठ्ठीशिवाय बाटली मागतात, आणि मी नाही म्हटले की ते शेजारच्या दुकानात जातात. याचे मला मनापासून वाईट वाटते.

गगनबावड्याचा बाप

मी दुसऱ्या बाजूचे सांगतो. आमच्या वाडीहून कोल्हापूरला मूल दाखवायचे म्हणजे दोघांचा दिवस जातो आणि त्या दिवसाची मजुरीही जाते. महात्मा फुले योजनेचे कार्ड आहे, पण ते दाखल झाल्यावरच्या उपचारांसाठी. ओपीडीतली तपासणी आणि औषधे यांचा खर्च त्यातून निघत नाही. म्हणून आम्ही थांबतो. गेल्या वर्षी आमचा मुलगा 14 महिन्यांचा असताना तीन दिवस खोकत होता आणि आम्ही पाऊस ओसरण्याची वाट पाहत होतो. चौथ्या दिवशी प्राथमिक आरोग्य केंद्रात सिस्टरांनी असेच पोटाकडे बघत मोजले, ते 58 भरले. त्यांनी लगेच 108 बोलावली आणि सीपीआरला सहा दिवस काढून मुलगा सुखरूप घरी आला. मोजायला येत असते तर दुसऱ्याच दिवशी निघालो असतो.

15 ऑगस्ट 2023 पासून राज्याच्या सार्वजनिक आरोग्य विभागाच्या केंद्रांत आणि रुग्णालयांत उपचार मोफत झाले आहेत, हे तेव्हा आम्हाला माहीत नव्हते. गावाकडच्या वाचकांनी हे कृपया शेजाऱ्यापाजाऱ्यांना सांगावे.

कळंबा रोडची आई

सर्वांचे मनापासून आभार. दादा, तुमचा अनुभव मी सासूबाईंना वाचून दाखवला. त्या बराच वेळ गप्प होत्या, मग स्वतःच घड्याळ घेऊन झोपलेल्या नातीजवळ बसल्या. 26 भरले.

परिचारिका ताई, कार्ड सापडले. 16 ते 24 महिन्यांचा रकाना पूर्ण रिकामा आहे. त्या आठवड्यात तिला थोडी सर्दी होती म्हणून आम्ही लस पुढे ढकलली, आणि नंतर ते राहूनच गेले. त्यानंतर चार ठिकाणच्या डॉक्टरांनी तिला तपासले, पण कार्ड पिशवीच्या तळाशीच राहिले. आता उशीर झाला आहे का?

निवृत्त परिचारिका, राधानगरी तालुका

नाही ताई, वेळ गेलेली नाही. गोवर-रुबेलाचा दुसरा डोस 5 वर्षांपर्यंत देता येतो, पोलिओचा बूस्टरही 5 वर्षांपर्यंत, आणि त्रिगुणीचा (घटसर्प, डांग्या खोकला व धनुर्वाताच्या लसीचा) बूस्टर 7 वर्षांपर्यंत. किरकोळ सर्दी असली तरी लस देता येते, एवढे यापुढे लक्षात ठेवा. जवळच्या नागरी आरोग्य केंद्रात लसीकरणाचा वार विचारून याच आठवड्यात जा, तिथेच वजन करून घ्या आणि ते कार्डावर तारखेसह लिहून घ्या. सगळ्या 11 चिठ्ठ्या एका फाइलमध्ये लावून कार्ड सर्वांत वर ठेवा, आणि यापुढे घराजवळचे असोत की राजारामपुरीतले, कोणतेही एकच डॉक्टर ठरवून दर वेळी ती फाइल त्यांच्यासमोर ठेवा. 5 ते 6 वर्षांच्या बूस्टरचा रकाना या रिकाम्या रकान्याच्या पुढेच आहे, त्यावर आजच पेन्सिलीने खूण करा.