शब्दचर्चा: ‘काँग्लोमरेट मर्जर’ला मराठीत काय म्हणावं?

रानवारा:
वाणिज्य शाखेच्या एका पुस्तिकेचं भाषांतर करते आहे. हॉरिझॉन्टल मर्जरला (एकमेकींशी स्पर्धा करणाऱ्या कंपन्यांचं) ‘क्षैतिज विलीनीकरण’ आणि व्हर्टिकलला (एकमेकींना माल पुरवणाऱ्या कंपन्यांचं) ‘उभं विलीनीकरण’ घेऊन मोकळी झाले. अडलंय तिसऱ्यापाशी. ज्या कंपन्यांमध्ये ना स्पर्धा आहे, ना एकमेकींना माल पुरवण्याचा संबंध, अशा कंपन्या एका मालकीखाली येतात ते काँग्लोमरेट मर्जर. ‘संमिश्र’, ‘बहुक्षेत्रीय’ आणि ‘समूह विलीनीकरण’ असे तीन पर्याय हाताशी आहेत. कुठला घेऊ?

खडकाळ:
भूशास्त्रात काँग्लोमरेट म्हणजे पिंडाश्म. गोलसर गोटे आणि त्यांना धरून ठेवणारा मधला भराव मिळून झालेला खडक. त्यात गोटा शेवटपर्यंत गोटाच राहतो. म्हणून मला ‘संमिश्र’ तेवढं पटत नाही, मिश्रण कुठे होतंय?

ताळेबंद:
‘समूह’ तर नकोच. उद्योगसमूह म्हटलं की आपल्याला टाटा, किर्लोस्कर आठवतात, आणि त्यांच्या कितीतरी कंपन्या घरातच काढलेल्या आहेत, विकत घेतलेल्या नाहीत. शिवाय ‘समूह विलीनीकरण’ वाचून दोन समूह एक झाले असं वाटेल. माझी खरी तक्रार ‘विलीनीकरण’बद्दल आहे. विलीनीकरणात एका कंपनीचं कायदेशीर अस्तित्व संपतं. इथे बहुतेक वेळा समभाग विकत घेतले जातात, कंपनी नावानिशी तशीच राहते, फक्त मालक बदलतो. हे अधिग्रहण झालं. आपल्या २००२ च्या स्पर्धा कायद्यात समभाग घेणं, नियंत्रण मिळवणं आणि विलीन होणं हे सगळं एकाच छत्राखाली घेतलंय ते याचसाठी. ती कलमं लागू व्हायला मात्र जून २०११ उजाडला.

वकिलीबाणा:
मी ‘बहुक्षेत्रीय’च्या बाजूने, पण पुस्तिकेत त्याची व्याख्या ‘एकमेकांशी संबंध नसलेल्या कंपन्या’ अशी देऊ नका. तिथेच घोटाळा होतो. वाचणारा म्हणतो, संबंधच नाही तर बाजारातल्या स्पर्धेवर लक्ष ठेवणाऱ्या सरकारी स्पर्धा आयोगाला त्यात नाक खुपसायचं कारण काय? दोघांच्या बाजारहिश्श्याची बेरीजच होत नाही!

जरा सविस्तर सांगते. अमेरिकेत १९५७ मध्ये प्रॉक्टर अँड गॅम्बलने क्लोरॉक्स ही ब्लीचची कंपनी घेतली. प्रॉक्टर साबण आणि डिटर्जंटमधली बलाढ्य कंपनी, ब्लीच बनवत नव्हती. म्हणजे वरवर पाहता बहुक्षेत्रीय. आता ब्लीच काय चीज आहे बघा: सव्वापाच टक्के सोडियम हायपोक्लोराइट, बाकी पाणी. सगळ्या ब्रँडच्या बाटल्यांत तेच. तरी क्लोरॉक्सकडे देशातला जवळपास निम्मा बाजार होता, आणि दोनशेहून जास्त छोटे उत्पादक उरलेल्या तुकड्यासाठी झगडत होते. माल एकच असताना हा फरक कशाने? जाहिरातीने. आणि प्रॉक्टर त्या वर्षी जाहिरातीवर आठ कोटी डॉलर खर्च करत होती, तर क्लोरॉक्सची अख्खी वार्षिक विक्री चार कोटींच्या आत! मोठ्या गिऱ्हाइकाला जाहिरातीच्या दरात घसघशीत सूट मिळते, ती आता क्लोरॉक्सलाही मिळणार. प्युरेक्स नावाच्या दुसऱ्या क्रमांकाच्या कंपनीने पेनसिल्व्हेनियातल्या ईरी शहरात पाय रोवायचा प्रयत्न केला, तर क्लोरॉक्सच्या बाटलीबरोबर इस्त्रीच्या टेबलाचं कव्हर अर्ध्या किमतीत मिळू लागलं. प्युरेक्सचं बस्तान गुंडाळलं गेलं. पुढे त्यांनी नव्या भागात शिरायचं म्हणून तिथली एक छोटी ब्लीच कंपनीच विकत घेतली.

फेडरल ट्रेड कमिशनने (स्पर्धेवर लक्ष ठेवणारी तिथली सरकारी संस्था) प्रॉक्टरला क्लोरॉक्स सोडायला सांगितलं, खालच्या न्यायालयाने तो आदेश फिरवला आणि १९६७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा कायम केला. निकालातला एक मुद्दा जाहिरातीच्या बळाचा, पण दुसरा मला जास्त महत्त्वाचा वाटतो. ब्लीचमध्ये स्वतःहून उतरू शकेल अशी सगळ्यात तगडी कंपनी प्रॉक्टरच होती, आणि तिच्याच लोकांनी ‘नवा ब्रँड काढण्यापेक्षा क्लोरॉक्स घ्या’ असा सल्ला दिला होता. म्हणजे आज नसलेला, पण उद्या येऊ शकणारा प्रतिस्पर्धी या व्यवहाराने संपवला. ‘संभाव्य स्पर्धक’ हा शब्द पुस्तिकेत येईलच, त्याला हे उदाहरण जोडा.

रानवारा:
वकिलीताई, फार उपयोगी! मग व्याख्येत काय लिहू? आणि ‘बंडलिंग’ला, म्हणजे दोन वस्तू जोडून विकण्याला, ‘एकगठ्ठा विक्री’ चालेल?

बांधावरून:
मध्येच बोलतो. आमच्याकडे कृषी सेवा केंद्रात युरिया मागितला की दुकानदार म्हणतो, सोबत ही सूक्ष्म अन्नद्रव्याची पिशवी घ्यावी लागेल. याला ‘लिंकिंग’ म्हणतात. शेतकरी म्हणतो, दुकानदार म्हणतो, खरीप आला की पेपरातही तेच: ‘लिंकिंग केल्यास कारवाई’. दुकानदाराला विचारलं तर तो सांगतो, कंपनीच मला तसा माल देते, मी तरी काय करू. तुमच्या पुस्तिकेतल्या मुलांना ‘लिंकिंग’ लगेच कळेल. ‘एकगठ्ठा’ म्हटलं की मतदानच आठवतं.

वकिलीबाणा:
दादा, उदाहरण चोख. फक्त रानवारा, दोन गोष्टी वेगळ्या ठेवा. ‘हे घेतल्याशिवाय ते मिळणार नाही’ ही सक्ती झाली, तिला ‘लिंकिंग’ किंवा ‘जोडसक्ती’ म्हणा. ‘दोन्ही घेतलेत तर स्वस्त’ हे बंडलिंग, तिथे ‘जोडविक्री’ पुरे. दुसरी दिसायला गोड असते, म्हणूनच तिच्यावरून भांडणं होतात.

सगळ्यात गाजलेलं भांडण २००१ चं. जनरल इलेक्ट्रिक विमानांची इंजिनं बनवते, हनीवेल विमानातली इलेक्ट्रॉनिक उपकरणं. जीईने हनीवेल घ्यायची ठरवली, चाळीस अब्ज डॉलरच्या वरचा व्यवहार. अमेरिकेच्या न्याय विभागाने किरकोळ अटी घालून सोडला. युरोपीय आयोगाने मात्र जुलैमध्ये थेट रोखला. आयोगाचं म्हणणं, इंजिन आणि उपकरणं जोडून स्वस्तात देतील, शिवाय जीईची तेव्हा स्वतःची विमानं भाड्याने देणारी कंपनी होती, ती आपल्याच घरचा माल लावलेली विमानं घेईल, आणि एकेक वस्तू विकणारे हळूहळू बाद होतील. अमेरिकी अधिकारी चिडले. त्यांचा सवाल असा की गिऱ्हाइकाला स्वस्त मिळतंय, यात स्पर्धेचं नुकसान कुठे? तुम्ही स्पर्धा वाचवताय की स्पर्धकांना? २००५ मध्ये युरोपच्या न्यायालयाने बंदी कायम ठेवली, पण दोघांचा धंदा जिथे थेट एकमेकांवर येत होता त्या कारणावर. जोडविक्रीच्या भाकिताला पुरेसा पुरावा नाही, असंच ठरवलं.

मला दोन्ही बाजू अर्ध्या पटतात. पण एक बघा: क्लोरॉक्सच्या वेळी साबण आणि ब्लीच दुकानातल्या एकाच फळीवरून एकच गिऱ्हाईक घेत होतं, इथे दोन्ही माल घेणारी विमानकंपनी एक. व्याख्या अशी करा: ‘ज्यांचा माल वेगळा आहे आणि जे एकमेकांना माल पुरवत नाहीत अशांचं एकत्र येणं’. आणि खाली टीप द्या की गिऱ्हाईक एकच असेल तर तपासणीला सुरुवात तिथून होते. पोलाद कंपनीने बिस्किटांची कंपनी घेतली, तर जोडून विकायला काहीच नाही. तिथे प्रश्न फार तर खोल खिशाचा.

ताळेबंद:
‘खोल खिसा’ इंग्रजीचं शब्दशः भाषांतर झालं. ‘पैशाचं पाठबळ’ लिहा.

वकिलीबाणा:
मान्य.

ताळेबंद:
संभाव्य स्पर्धकाच्या मुद्द्याला आपल्याकडचा धागाही जोडा. आधी स्पर्धा आयोगाकडे जायचं की नाही हे मालमत्ता आणि उलाढाल यांवर ठरायचं. जिची उलाढालच नगण्य, पण वापरणारे कोट्यवधी, अशी अ‍ॅपवाली कंपनी कुणी घेतली तर आयोगाला पत्ताही लागायचा नाही. २०२३ च्या दुरुस्तीने व्यवहाराच्या किमतीची अट आणली: दोन हजार कोटी रुपयांच्या वरचा व्यवहार असेल आणि त्या कंपनीचा भारतात बऱ्यापैकी कारभार असेल तर परवानगी घ्यायलाच हवी. १० सप्टेंबर २०२४ पासून लागू.

रानवारा:
सगळ्यांचे आभार. ‘बहुक्षेत्रीय’ पक्कं. कंसात ‘अधिग्रहणासह’ टाकते, म्हणजे ताळेबंद रागावणार नाहीत. ‘जोडविक्री’ आणि ‘लिंकिंग’ दोन्ही घेते. आता शेवटचं: डीमर्जर, म्हणजे एका कंपनीचे धंदे तोडून वेगळ्या कंपन्या करणं? ‘विलगीकरण’ लिहिलं होतं, पण करोनानंतर ते वाचवत नाही.

खडकाळ:
कंपनीला चौदा दिवस खोलीत ठेवल्यासारखं वाटतं.

ताळेबंद:
‘विभाजन’ लिहा, सरळ आहे. उदाहरणाला जीईच घ्या. तिचीच एप्रिल २०२४ पर्यंत तीन शकलं झाली: आरोग्य उपकरणं, ऊर्जा आणि विमानांची इंजिनं. घरचं हवं असेल तर आयटीसीने हॉटेलांचा धंदा वेगळा केला, जानेवारी २०२५ पासून.