येरेवन शहरातील पायी फेरी आणि वाईन-ब्रँडीचा आस्वाद : मार्गदर्शन हवे आहे

निफाडचा_बागाईतदार

सर्वांना सप्रेम नमस्कार.

येत्या सप्टेंबरमध्ये मी, माझी पत्नी, थोरली बहीण आणि दाजी असे चौघे आर्मेनियाला जाण्याचे ठरवत आहोत. आमची निफाड तालुक्यात द्राक्षबाग आहे. बहुतेक क्षेत्र थॉमसन या खाण्याच्या द्राक्षांचे असले तरी दोन एकर वाईनच्या द्राक्षांखाली आहे. ज्या देशात सहा हजार वर्षांपूर्वीची वाईन करण्याची जागा सापडली, तो देश एकदा डोळ्यांनी पाहावा, ही इच्छा पुष्कळ दिवसांपासून मनात आहे. मात्र ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात गोडी छाटणीला, म्हणजे फळासाठीच्या छाटणीला हात घालायचा असल्याने एकूण सातच दिवस हाताशी आहेत आणि त्यातील फार तर तीन दिवस येरेवनला देता येतील.

तेथे वाटाड्यासोबत शहरातून पायी हिंडत, ठिकठिकाणी थांबून स्थानिक वाईन आणि ब्रँडी चाखण्याच्या फेऱ्या असतात, असे समजले. तीन-चार तासांच्या एकाच फेरीत पाच वाईन आणि तीन ब्रँडी, असे साधारण स्वरूप दिसते. एवढ्या थोड्या वेळात दोन्हींची नीट ओळख होते का, की केवळ पेले मोजले जातात? माझी पत्नी मद्य अजिबात घेत नाही आणि ताई पूर्ण शाकाहारी आहे. त्या दोघींना ही संध्याकाळ कंटाळवाणी होऊ नये, असे मनापासून वाटते. दाजींचे गुडघे दुखतात, त्यामुळे चढ-उतार किती आहेत, हेही कृपया सांगावे.

वाटसरू_सातारा

दादा, नमस्कार. दोन वर्षांपूर्वी ऑक्टोबरमध्ये मी आणि माझी मैत्रीण येरेवनमध्ये पाच दिवस होतो आणि अशा दोन फेऱ्या आम्ही केल्या. पहिली फसली, दुसरी आजही लक्षात आहे, म्हणून दोन्हींविषयी लिहिते.

पहिली फेरी दुपारी चार वाजता सुरू झाली. ऊन चांगलेच होते. वाटाड्याने पहिल्या तासाभरातच तीन वाईन आणि त्यावर तुतीची ओघी, म्हणजे तुतीच्या फळांपासून गाळलेली अतिशय कडक दारू, आमच्यासमोर ठेवली. सोबत खायला मूठभर शेंगदाण्यांपलीकडे काही नव्हते. ब्रँडीच्या टेबलापाशी पोहोचलो तेव्हा जीभ इतकी बधिर झाली होती की तीन वर्षांची कोणती आणि दहा वर्षांची कोणती, हे मला ओळखता येईना. पैसे गेल्याचे वाईट वाटले नाही, पण एवढ्या लांब जाऊन जे समजून घ्यायचे ते निसटले, याचे फार वाईट वाटले.

दुसऱ्या वेळी आम्ही सहा जणांचा छोटा गट निवडला आणि संध्याकाळी साडेसहाला प्रजासत्ताक चौकातून निघालो. हे शहर पायी पाहण्यासारखे का आहे, ते त्या चौकात उभे राहिल्यावर कळते. वास्तुविशारद अलेक्झांडर तमान्यान यांनी १९२४ साली या शहराचा आराखडा केला तो केवळ दीड लाख वस्तीसाठी, आणि मधला भाग आजही त्याच मापाचा, चालत पार करता येण्याजोगा राहिला आहे. इमारती तूफ नावाच्या ज्वालामुखीच्या दगडाच्या आहेत. मी एका भिंतीवर हात टेकवून पाहिला; दगड जवळून भाकरीच्या पापुद्र्यासारखा बारीक छिद्रांचा दिसतो, दिवसभराची ऊब धरून असतो आणि मावळतीच्या उन्हात गुलाबीचा केशरी होत जातो. तेथून अबोव्यान रस्ता, उत्तर मार्ग, गोलाकार ऑपेरागृह आणि मग सार्यान रस्ता असे आम्ही रमतगमत गेलो.

या फेरीतील वाटाड्या मुलीने सुरुवातीलाच एक गोष्ट सांगितली आणि तिच्यामुळे पुढचे सगळे उलगडत गेले. सोव्हिएत काळात आर्मेनियाकडे मुख्यतः ब्रँडीचे काम आले आणि वाईनचे शेजारच्या जॉर्जियाकडे. त्यामुळे आर्मेनियातील बहुतेक द्राक्षे दशकानुदशके ब्रँडीच्या भट्टीकडे गेली आणि चांगली कोरडी वाईन करण्याची परंपरा मागे पडली. वाईनचे पुनरुज्जीवन झाले ते गेल्या वीसेक वर्षांत. म्हणून येरेवनमध्ये ब्रँडी पाहायला टेकडीवरच्या भव्य, जुन्या कारखान्यांत जावे लागते आणि वाईन मात्र सार्यान रस्त्यावरच्या लहान लहान नव्या दुकानांत, झाडाखालच्या टेबलांवर भेटते. सहा हजार वर्षांचा वारसा असलेली गोष्ट तरुण मुलामुलींच्या हातून पुन्हा उभी राहते आहे आणि ब्रँडी, जी तुलनेने कालची, तीच घरातल्या वडीलधाऱ्यासारखी वाटते. हे आधी कळले की पेल्यातल्या चवीलाही अर्थ येतो.

त्यामुळे आपल्या प्रश्नाचे माझे उत्तर असे की दोन्ही एका संध्याकाळी उरकू नयेत. पायी फेरी वाईनची ठेवावी, तिच्या अखेरीस फार तर एक ब्रँडी घ्यावी आणि ब्रँडीसाठी दुसऱ्या दिवशी सकाळी अकराच्या सुमारास कारखान्यात स्वतंत्रपणे जावे. फेरी नक्की करण्यापूर्वी दोनच गोष्टी विचारून घ्याव्यात : गटात किती माणसे असतील, आणि पहिल्या पेल्याआधी खायला मिळेल का.

लेक_येरेवनला_शिकते

माझी मुलगी येरेवनमध्ये वैद्यकीय शिक्षण घेत आहे, त्यामुळे माझे तेथे तीनदा जाणे झाले. आमच्या घरात कोणी मद्य घेत नाही, म्हणून आपल्या पत्नी आणि ताईंच्या बाजूने लिहितो.

ताईंची उपासमार मुळीच होणार नाही. झिंग्यालोव हात्स नावाची एक भाकरी मिळते. पातळ लाटलेल्या पोळीत दहा-पंधरा प्रकारच्या बारीक चिरलेल्या रानभाज्या आणि कोथिंबीर-शेपूसारखा हिरवा पाला भरून ती तव्यावर भाजतात. माझ्या पत्नीने तो पहिला घास घेतला आणि म्हणाली की ही आपल्या माहेरच्या पालेभाजीच्या पराठ्याची बहीणच आहे. लवाश ही तंदूरसारख्या जमिनीतल्या भट्टीच्या भिंतीवर भाजलेली मोठी पातळ रोटी, तिच्यात चीज आणि ताजा पाला गुंडाळून खातात. कोबीच्या पानात चणे, राजमा आणि मसूर भरून केलेला पासुत्स तोल्मा हा उपवासाच्या काळातला पदार्थ असल्याने पूर्ण शाकाहारी असतो. मात्र नुसते तोल्मा मागितल्यास त्यात मांस येते, तेवढे विचारून घ्यावे. आपल्या पत्नींसाठी सर्वत्र मिळणारे पेय म्हणजे तान. ते खारवलेले ताकच आहे. चाखण्याच्या टेबलावर वाईनऐवजी तान किंवा जर्दाळूचा रस ठेवायला सांगितल्यास कोणी वावगे मानत नाही, फक्त नावनोंदणी करतानाच तसे कळवावे.

त्यांना ही फेरी कंटाळवाणी वाटेल, असे मला वाटत नाही. रस्त्यारस्त्यांवर पुलपुलाक नावाचे दगडी पाणवठे आहेत. कमरेएवढ्या दगडातून गार, गोड पाण्याची धार सतत वर उसळत असते आणि येणारा-जाणारा वाकून तोंड लावतो. त्यातील कित्येक कुणा दिवंगत आप्ताच्या स्मरणार्थ बांधलेले असतात. आपल्याकडची पाणपोई आठवून मला प्रत्येक वेळी गलबलून येत असे. मद्य घेणाऱ्यांनीही प्रत्येक पाणवठ्यावर पोटभर पाणी प्यावे, म्हणजे अंगातले पाणी कमी होणार नाही.

दाजींविषयी : चौक ते ऑपेरागृह हा एक-दीड किलोमीटरचा रस्ता सोपा आहे. ऑपेरागृहाजवळून टेकडीवर चढणाऱ्या कास्केड नावाच्या प्रचंड जिन्याला साडेपाचशेहून अधिक पायऱ्या असल्या तरी आतून सरकते जिने आहेत, तेव्हा त्यांनी त्यानेच वर जावे. सकाळी हवा स्वच्छ असेल तर माथ्यावरून अरारात पर्वत दिसतो. ५,१३७ मीटर उंचीचा तो बर्फाच्छादित पर्वत आज तुर्कस्तानच्या हद्दीत आहे, पण येरेवनची माणसे त्याच्याकडे ज्या नजरेने पाहतात, ती नजरही पाहण्यासारखी आहे.

पिंप_आणि_पेला

मी नाशिकजवळच्या एका वाईनरीत तळघराचे काम पाहतो आणि केवळ हाच विषय समजून घेण्यासाठी आर्मेनियाला जाऊन आलो. वरील दोघांनी फेरीविषयी सांगितलेच आहे. आपण स्वतः बागाईतदार असल्याने पेल्याच्या मागे काय आहे, तेवढे लिहितो.

वाईनमध्ये दोन नावे लक्षात ठेवावीत. आरेनी हे काळे द्राक्ष आणि वोस्केहात हे पांढरे. वोस्केहात म्हणजे सोन्याचा मणी. आरेनीची वाईन रंगाने फार गडद नसते, आंबटपणा ताजा राहतो आणि चेरीसारख्या फळाचा वास येतो. हे द्राक्ष हजार मीटरहून अधिक उंचीवर वाढते आणि तेथे दिवस तापतात पण रात्री चांगल्याच गार होतात. साखर भरत असताना आंबटपणा उतरत नाही, याचे कारण तेच. नाशिकला हा समतोल राखताना आपली किती धावपळ होते, हे आपणास ठाऊक आहेच. दुसरे असे की आपण डॉगरिज या जंगली द्राक्षवेलीच्या खुंटावर कलम केल्याशिवाय बाग लावत नाही, पण आरेनी गाव ज्यात येते त्या वायोत्स द्झोर भागात अनेक ठिकाणी वेली स्वतःच्याच मुळांवर उभ्या आहेत. आणि अरारातच्या सपाट मैदानात हिवाळा इतका कडक असतो की वेली मांडवावरून उतरवून थंडीपुरत्या मातीत गाडून ठेवतात व वसंतात पुन्हा वर काढतात. हे ऐकून मी त्या शेतकऱ्याला हात जोडले.

फेरीत कोणी कारासमध्ये केलेली वाईन देत असेल तर ती चुकवू नये. कारास म्हणजे मातीचा मोठा रांजण. पूर्वी तो पेवासारखा जमिनीत गळ्यापर्यंत पुरत असत. ओकच्या पिंपाचा व्हॅनिलासारखा वास त्यात नसतो, त्यामुळे द्राक्ष जसे आहे तसे जिभेवर येते. डाळिंबाची वाईन प्रवाशांना आग्रहाने देतात. ती गोड असते, एक घोट पुरे.

ब्रँडीकडे वळू. स्थानिक माणसे तिला कोन्याक म्हणतात, परंतु ते नाव फ्रान्समधील कोन्याक प्रदेशाचे असल्याने युरोपकडे जाणाऱ्या बाटलीवर ब्रँडी असे लिहिलेले दिसते. नेर्सेस ताइर्यान यांनी १८८७ मध्ये येरेवनमध्ये हा उद्योग सुरू केला आणि १८९९ मध्ये तो शुस्तोव या रशियन व्यापारी घराण्याकडे गेला. आज ह्राझदान नदीच्या दरीच्या एका काठावर नोय या ब्रँडीचा कारखाना आहे, तो येरेवनच्या जुन्या किल्ल्याच्या जागेवर. आणि पूल ओलांडून पलीकडच्या टेकडीवर अरारात या नावाच्या ब्रँडीचा, जो १९९८ पासून पेर्नो रिकार या फ्रेंच कंपनीकडे आहे. दोन्ही ठिकाणी माहितीसह फेरी आणि चाखणे असते, पण आधी वेळ ठरवून घ्यावी लागते. एकच निवडायचा असेल तर पिंपांच्या दालनासाठी अरारात पाहावा. दार उघडताच मनुका, ओले लाकूड आणि मध यांचा मिळून असा काही वास येतो की पुढे बोलण्याची इच्छा राहत नाही. तो वास म्हणजे पिंपांतून दरवर्षी उडून जाणारी ब्रँडीच असते.

स्थानिक पांढऱ्या द्राक्षांची वाईन दोनदा ऊर्ध्वपातित करतात, म्हणजे तापवून तिची वाफ थंड करून गाळतात, आणि मग ती कॉकेशसच्या ओकच्या पिंपांत मुरवतात. गाळल्यावर ती पाण्यासारखी रंगहीन असते, रंग आणि निम्मी चव लाकूड देते. बाटलीवरचे तीन तारे, पाच तारे म्हणजे तेवढी वर्षे. अरारातच्या नावाच्या बाटल्यांपैकी अख्तामार दहा वर्षांची, वास्पुराकान पंधरा वर्षांची आणि नाइरी वीस वर्षांची. चाखताना कमी वयाकडून जास्त वयाकडे जावे. पेला वाईनसारखा जोरात फिरवून त्यात नाक खुपसू नये, कारण चाळीस टक्के मद्याचा भपकारा बसला की नाक काही मिनिटे निकामी होते. पेला छातीपाशी धरून हळूहळू वर आणावा, तळव्याची ऊब लागू द्यावी, एक थेंबभर घोट जिभेवर फिरवावा आणि सोबत सुके जर्दाळू खावे. चर्चिल यांना ही ब्रँडी पेट्यांनी पाठवली जात असे, ही कथा प्रत्येक वाटाड्या सांगतो; ती कथा म्हणूनच ऐकावी.

निफाडचा_बागाईतदार

तिघांचेही मनःपूर्वक आभार. वाईन संध्याकाळी पायी आणि ब्रँडी दुसऱ्या दिवशी सकाळी, असे नक्की केले आहे. पत्नीला तान आणि पाणवठ्यांविषयी वाचून दाखवले, तेव्हा ती स्वतःहून म्हणाली की मीही पूर्ण फेरी चालणार. आता तिसरा दिवस आरेनी गावासाठी ठेवावा का? बाग आणि काढणी पाहायला मिळाली नाही, तर माझ्यासारख्याचे जाणे अपुरे राहील.

पिंप_आणि_पेला

अवश्य ठेवावा. येरेवनहून मोटारीने साधारण दोन तासांचा रस्ता आहे. गावाजवळच्या गुहेतच ती प्राचीन जागा आहे : द्राक्षे तुडवण्याचा उथळ मातीचा चौथरा आणि रस वाहून साठण्यासाठी त्याच्या खाली पुरलेले भांडे. इसवी सनापूर्वी सुमारे ४१०० या काळातील ही मांडणी २०११ च्या आरंभी जगापुढे आली. त्याच गुहेत साडेपाच हजार वर्षांपूर्वीचा चामड्याचा जोडाही सापडला होता, आणि तो येरेवनच्या इतिहास संग्रहालयात, म्हणजे आपली फेरी सुरू होते त्या चौकातच, ठेवला आहे.

आरेनीचा वाईन महोत्सव ऑक्टोबरच्या पहिल्या शनिवारी असतो, तो आपल्या छाटणीमुळे चुकेल. परंतु सप्टेंबरचा शेवटचा आठवडा धरल्यास काढणी सुरू झालेली मिळण्याची शक्यता चांगली आहे. रस्त्याच्या कडेला गावकरी शीतपेयांच्या बाटल्यांत भरून घरची वाईन विकतात. ती विकत घेण्यापेक्षा त्यांच्याशी बोलावे, ते आपणहून मागची बाग दाखवतात. मी गेलो तेव्हा एका आजोबांनी घड माझ्या हातात ठेवला, मणी दाताखाली फोडून बी चावून दाखवली आणि खुणेने सांगितले की बी तपकिरी होऊन कुरकुरीत लागली की काढायचे. जाताना आपल्या बागेतील थॉमसनच्या मनुका अर्धा किलो सोबत न्याव्यात. भाषेची अडचण तेवढ्याने बरीच दूर होईल.