जॉर्डनची सगळ्यात भारी स्कोअरिंग मॅच कोणती? हरलेली ६३ का जिंकलेली ६९?

तेवीस_नंबर
काल रात्री माझा आणि भावाचा यावरनं दीड तास वाद झाला, म्हणून इथे विचारतोय. त्याचं म्हणणं सरळ आहे. मायकल जॉर्डनचा एनबीएमधला (अमेरिकेची बास्केटबॉल लीग) हायेस्ट स्कोअर ६९, २८ मार्च १९९०, क्लीव्हलंडविरुद्ध, त्याची टीम शिकागो बुल्स ११७-११३ जिंकली, विषय संपला. मला हे अजिबात पटत नाही. माझ्या मते २० एप्रिल १९८६ ची बॉस्टनमधली ६३ पॉइंट्सची मॅच त्याच्या कुठल्याही मॅचपेक्षा मोठी आहे, बुल्स १३५-१३१ हरले तरी.

समोर कोण होतं ते बघा आधी. त्या सीझनला बॉस्टन सेल्टिक्स ६७-१५ होते (६७ जिंकले, १५ हरले) आणि स्वतःच्या घरी ४१ मॅचेसमध्ये फक्त एक हरले होते. बर्ड, मॅकहेल, पॅरिश, डेनिस जॉन्सन आणि बेंचवरनं बिल वॉल्टन, हे पाचही जण पुढे हॉल ऑफ फेममध्ये गेले. आणि बुल्स? ३०-५२. जॉर्डन त्या वर्षी तिसऱ्याच मॅचमध्ये पायाचं हाड मोडून बसला होता, ८२ पैकी १८ मॅचेस खेळला, परत आला तेव्हा मॅनेजमेंटने मिनिटं मोजून दिली होती. असा पोरगा, वय २३, प्लेऑफच्या, म्हणजे सीझननंतरच्या बाद फेरीच्या, पहिल्या मॅचमध्ये ४९ मारतो आणि दुसरीत डबल ओव्हरटाइम, ५३ मिनिटं, ६३ पॉइंट्स. मॅच झाल्यावर बर्ड म्हणाला की मायकल जॉर्डनच्या वेषात देवच आला होता. बर्ड स्वतः त्या दिवशी ३६ मारून जिंकला होता, तरी तो हे बोलला.

प्लेऑफमधला हा रेकॉर्ड अजून तुटलेला नाही. आधीचा एल्जिन बेलरचा ६१, तो २४ वर्षं टिकला होता.

रिबाऊंडवाला
भावाच्या बाजूने मी. तुम्ही समोरच्या टीमचं सगळं सांगितलंत पण ६९ च्या मॅचमध्ये जॉर्डनचे रिबाऊंड किती होते ते गाळलंत. १८! त्याच्या अख्ख्या करिअरमधले हायेस्ट. वर ६ असिस्ट आणि ४ स्टील. सहा फूट सहा इंचाचा गार्ड, रिंगखाली क्लीव्हलंडची डॉर्टी आणि नान्ससारखी उंच माणसं उभी, आणि हा १८ रिबाऊंड काढतो म्हणजे तो फक्त शूट करत नव्हता, तो अख्खी मॅच खेळत होता. आणि बॉस्टनसारखीच हीसुद्धा दुसऱ्याच्या घरी, क्लीव्हलंडच्या रिचफील्डमध्ये, तेही अशा गावात जिथे आदल्याच वर्षी त्याने त्यांच्याच क्रेग ईलोच्या डोक्यावरनं शेवटचा शॉट मारून त्यांची सीरिज संपवली होती. तिथे त्याला काय प्रेमाने वागवणार होते का लोक.

आणि जिंकले राव. बास्केटबॉल जिंकायलाच खेळतात.

आकडेमोड
दोन्हीचे आकडे शेजारी ठेवून बघितले तर प्रश्नच उरत नाही.
बॉस्टन: ४१ पैकी २२ शॉट, २१ पैकी १९ फ्री थ्रो, ५३ मिनिटं.
क्लीव्हलंड: ३७ पैकी २३ शॉट, २३ पैकी २१ फ्री थ्रो, ५० मिनिटं.
म्हणजे चार शॉट कमी घेऊन सहा पॉइंट जास्त, तेही तीन मिनिटं कमी खेळून. ट्रू शूटिंग (थ्री आणि फ्री थ्रो धरून शूटिंगचा टक्का) काढलं तर ६३ च्या मॅचमध्ये ६३ टक्क्यांच्या आसपास येतं आणि ६९ च्या मॅचमध्ये ७३ च्या आसपास. ७३ टक्के हे एखाद्या सेंटरने फक्त डंक मारले तरी चांगलं मानतात, इथे गार्ड आहे आणि बहुतेक सगळे जंपर आणि ड्राइव्ह.

अजून एक. हरलेल्या मॅचमधला मोठा स्कोअरच मोठा मानायचा तर मग १६ जानेवारी १९९३ च्या ६४ चं काय? ऑर्लँडोविरुद्ध, शिकागोच्या घरी, समोर शॅक ओनील त्याच्या पहिल्याच सीझनमध्ये, ओव्हरटाइममध्ये १२८-१२४ हरले. जॉर्डनचा दुसऱ्या नंबरचा स्कोअर तो. पण तो कोणी काढत नाही, कारण ४९ शॉट घेतले होते.

तेवीस_नंबर
@आकडेमोड ६४ कोणी काढत नाही याचं कारण शॉट्स नाहीत, समोर ऑर्लँडो होती आणि जानेवारीतली मॅच होती हे आहे. मी तेच तर म्हणतोय. स्कोअर कितीचा यापेक्षा कोणावर आणि कधी. क्लीव्हलंड त्या सीझनला ४२-४० होती, आणि ८२ मधली एक मॅच. बॉस्टनची मॅच प्लेऑफची होती, तिथे हरलं की सीरिज जवळजवळ गेलीच.

आणि ६३ मधले शॉट नीट मोजा, २२ फील्ड गोल गुणिले दोन ४४ अधिक १९ फ्री थ्रो. थ्री (तीन पॉइंटचा लांबचा शॉट) एकही नाही. आजच्या पोराने ६३ मारले तर त्यात सात-आठ थ्री असतात. त्याने प्रत्येक दोन पॉइंट पॅरिश आणि मॅकहेलच्या हातांखालून, हातांवरून काढलेत.

कोबे_कट्टा
जॉर्डनचा धागा आहे माहितेय तरी बोलतो. कोणावर, कधी हे निकष लावले तर २२ जानेवारी २००६ चे कोबी ब्रायंटचे ८१ कुठे बसतात? टोरोंटो काही ग्रेट टीम नव्हती. पण त्याचे लेकर्स हाफटाइमला ४९-६३ ने मागे होते आणि कोबीने दुसऱ्या हाफमध्ये एकट्याने ५५ मारले, मॅच १२२-१०४ जिंकली. त्याने मारले नसते तर लेकर्स हरले असते हे एकदम उघड आहे. ४६ पैकी २८. माझ्यासाठी स्कोअरिंग म्हणजे हेच, टीमला गरज आहे आणि तू खेचून नेतोस.

रिबाऊंडवाला
@कोबे_कट्टा तुमच्या उदाहरणाने माझाच मुद्दा पक्का होतो. ८१ लोकांच्या लक्षात राहिले कारण जिंकले. समजा त्याच ८१ वर लेकर्स हरले असते तर आज लोक कोबी स्वार्थी, पास देत नाही, हेच म्हणाले असते. ६३ ला जॉर्डनला कोणी असं म्हणत नाही कारण बर्डने देव म्हटलं. एका वाक्याने त्या मॅचची किंमत वाढवली आहे.

डेव्हिन बुकर घ्या. २४ मार्च २०१७, तोही बॉस्टनलाच, ७० मारले, फिनिक्स १३०-१२० हरले. लोकांनी कौतुक केलं का? शिव्याच जास्त.

तेवीस_नंबर
नाही नाही, बुकरचं आणि हे एक नाहीये. बुकरच्या मॅचमध्ये शेवटी फिनिक्स मुद्दाम फाऊल करून, टाइमआउट घेऊन त्याच्यासाठी घड्याळ थांबवत होती, मॅच केव्हाच गेली होती. शिव्या त्याला पडल्या. विल्ट चेंबरलेनच्या १०० मध्येही (२ मार्च १९६२, हर्शी, १६९-१४७) शेवटी हेच झालं, समोरचे न्यूयॉर्क निक्स त्याला बॉल मिळू नये म्हणून इतरांना फाऊल करत होते आणि त्याची टीम वॉरियर्स बॉल परत मिळवायला निक्सना. १०० ते १००च, मी त्यांना कमी म्हणत नाही.

पण बॉस्टनच्या चौथ्या क्वार्टरचा शेवट बघा. बघितला नसेल तर खरंच बघा, जुनं धूसर रेकॉर्डिंग आहे पण दिसतं सगळं. स्कोअर ११६-११४, सेल्टिक्स पुढे. जॉर्डन थ्री मारायला जातो, मॅकहेल फाऊल करतो. घड्याळात शून्य. तेव्हाच्या नियमाने थ्री मारताना फाऊल झाला तरी दोनच फ्री थ्रो मिळायचे. म्हणजे जिंकायचा चान्स नाहीच, दोन्ही टाकले तर बरोबरी, एक चुकला की संपलं. त्या वर्षी रेग्युलर सीझन आणि प्लेऑफ मिळून घरी सेल्टिक्स ५०-१, आणि ते अख्खं बॉस्टन गार्डन तुमच्या एका माणसावर ओरडतंय. तो लाइनवर जातो. पहिला आत. दुसरा आत. चार क्वार्टरमध्ये त्याने मारलेल्या पॉइंट्समधला एकही काढला तर ओव्हरटाइमच होत नाही. एकही. कुठलाही काढा, पहिल्या क्वार्टरमधला काढा.

मला स्कोअरिंग म्हटलं की हे आठवतं.

सेंटर_ताई
मी युनिव्हर्सिटीला सेंटर खेळायचे, त्यामुळे रिबाऊंडवाला यांच्या १८ रिबाऊंडवर माझं मन आहे, खोटं कशाला सांगू. ५० मिनिटं खेळून पाय शिशासारखे झालेले असतात, तुमचा शॉट चुकलाय, आणि त्याच क्षणी परत उडी मारायची. शूटिंगची मजा असते, रिबाऊंडला फक्त दुखतं.

पण हरलेली मॅच छोटी असते हे मला मान्य नाही. आमची एक इंटरझोनल फायनल होती, सिमेंटचं कोर्ट, उन्हाने तापलेलं, एका रिंगला जाळीच नव्हती त्यामुळे बास्केट झाली का नाही यावरून दोनदा भांडण झालं. आमच्या पॉइंट गार्डने त्या दिवशी आमच्या निम्म्याहून जास्त पॉइंट एकटीने केले. गुडघा सोलला होता, त्यावर रुमाल बांधून खेळली. दोन पॉइंटने हरलो. बक्षीस समारंभात तिचं नाव कोणी घेतलं नाही कारण बेस्ट प्लेयर जिंकलेल्या टीमलाच द्यायची पद्धत होती. आज वीस वर्षांनी त्या मॅचमधलं मला एकच आठवतं, ती. जिंकलेल्या टीममधलं एकही नाव सांगता येणार नाही.

मिशिगन_लेकच्या_काठी
मी गेली अकरा वर्षं शिकागोत आहे. इथल्या जुन्या लोकांना विचारलं तर ६३ पण नाही आणि ६९ पण नाही, ते १६ जून १९९३ सांगतात. फायनलची चौथी मॅच, फिनिक्सविरुद्ध, ५५ पॉइंट्स, १११-१०५. त्या वर्षी एमव्हीपी (सीझनचा सर्वोत्तम खेळाडू) फिनिक्सचा बार्कली होता, जॉर्डन नव्हता, आणि फिनिक्सचा रेकॉर्ड लीगमध्ये सगळ्यात चांगला, ६२-२०. त्या सीरिजमध्ये जॉर्डनचं अॅव्हरेज ४१. फायनलमध्ये एवढं अॅव्हरेज कोणाचंच नाही. तेवीस_नंबर, तुमचेच निकष लावा, कोणावर आणि कधी. फायनलपेक्षा मोठं "कधी" कुठलं?

तेवीस_नंबर
@मिशिगन_लेकच्या_काठी हे मात्र जड गेलं. आतापर्यंतचा सगळ्यात चांगला मुद्दा. फक्त एवढंच म्हणेन की १९९३ ला त्याच्याकडे पिपेन होता, ग्रँट होता, कोच फिल जॅक्सन होता, दोन चॅम्पियनशिप आधीच खिशात होत्या. १९८६ ला काहीच नव्हतं. पण हो, ६९ पेक्षा मी ती ५५ आधी घेईन.

आकडेमोड
मग ५५ चीच गोष्ट निघालीय तर दुसरी ५५ पण घ्या. २८ मार्च १९९५, मॅडिसन स्क्वेअर गार्डन, निक्सविरुद्ध. तारीख बघा, ६९ च्या मॅचला बरोबर पाच वर्षं. बेसबॉलमधून परत येऊन पाचवी मॅच, पाठीवर ४५ नंबर. स्कोअर १११-१११, सगळं न्यूयॉर्क समजून चुकलंय की शेवटचा शॉट हाच घेणार, निक्सचा सेंटर यूइंग त्याच्याकडे धावतो, आणि हा रिंगखाली मोकळ्या आपल्याच बिल वेनिंग्टनला पास देतो. डंक. ११३-१११.

मी आकड्यांचा माणूस आहे पण माझं मत विचाराल तर त्या रात्रीचा सगळ्यात मोठा निर्णय स्कोअरशीटवर असिस्ट म्हणून लिहिलाय, त्या ५५ मध्ये तो नाहीच.

रिबाऊंडवाला
वा. हे आवडलं. पण ६९ वरून मी हलणार नाही. त्याच मॅचला बुल्सच्या स्टेसी किंगचा एकच पॉइंट होता, आणि त्यावर तो म्हणाला की ज्या रात्री मायकल आणि मी मिळून ७० केले ती रात्र मी कायम लक्षात ठेवेन. टीममधल्या माणसालासुद्धा त्या रात्रीचा अभिमान होता कारण ते जिंकून घरी गेले. ६३ च्या रात्री बुल्सच्या बसमध्ये काय वातावरण असेल त्याचा विचार करा. तिसरी मॅच पण हरले, ३-० ने बाहेर.

सेंटर_ताई
बसमधलं वातावरण मी सांगते ना. आमच्या बसमध्ये कोणी बोलत नव्हतं, पण सगळ्यांनी तिला खिडकीची जागा दिली आणि सोललेला पाय ठेवायला समोरची सीट रिकामी ठेवली. नागपूरपर्यंत.

तेवीस_नंबर
ताई, तिचे पॉइंट किती होते त्या दिवशी?

सेंटर_ताई
३१. आम्ही ५२, त्या ५४.