मदत हवी आहे: लिस्बनसाठी एक दिवस, खासगी गाइड आणि बाबांचा गुडघा

नमस्कार मंडळी,

सप्टेंबरमध्ये आई-बाबा वसईहून माझ्याकडे नेदरलँड्सला येतायत. त्यात दोन दिवस काढून आम्ही तिघं लिस्बनला जाणार आहोत. रविवारी संध्याकाळी पोचू, सोमवार पूर्ण हातात आहे, मंगळवारी दुपारी चारचं परतीचं विमान. सोमवारी दिवसभरासाठी खासगी गाइड घ्यावा असं मनात आहे, त्याबद्दल सल्ला हवाय. जरा सविस्तर लिहिते, म्हणजे उत्तर द्यायला सोपं जाईल.

बाबा ७१ वर्षांचे आहेत. सगळी नोकरी शाळेत इतिहास शिकवण्यात गेली. गेल्या वर्षी उजवा गुडघा बदलला. सपाटीवर अर्धा तास सहज चालतात, चढही हळूहळू जमतो, पण उतार आणि पायऱ्या उतरणं जड जातं. आई ६६, चालायला माझ्यापेक्षा भक्कम, मात्र पूर्ण शाकाहारी आहे, अंडंही चालत नाही.

पॅरिस, रोम सोडून लिस्बन का, असं सगळे विचारतात. बाबांनी १९८० च्या सुमारास शाळेची सहल कोचीला नेली होती. तिथल्या सेंट फ्रान्सिस चर्चमध्ये वास्को द गामाला पुरलं होतं ती जागा आहे, भोवती कठडा आहे. तो १५२४ मध्ये कोचीतच वारला आणि काही वर्षांनी त्याच्या अस्थी पोर्तुगालला नेल्या. बाबांनी मुलांना तो दगड दाखवला तेव्हा एका मुलानं विचारलं, "मग सर, आता तो कुठे आहे?" बाबांनी पुस्तकातलं उत्तर दिलं: लिस्बनला, जेरोनिमुश मठाच्या चर्चमध्ये. ते उत्तर स्वतःच्या डोळ्यांनी पाहायचं त्यांच्या मनात तेव्हापासून आहे. शिवाय आम्ही वसईचे. १५३४ ते १७३९ अशी दोनशेच्या वर वर्षं आमच्या गावाचे हुकूम या शहरातून सुटत होते. किल्ल्यातल्या पडक्या चर्चांच्या भिंतींना टेकून मी अभ्यास केलाय. ज्या बंदरातून ती माणसं निघाली ते बंदर कसं असेल, ही उत्सुकता मलाही आहे.

आता अडचण. एका कंपनीनं आठ तासांचा कार्यक्रम पाठवलाय, गाडी आणि गाइड मिळून साडेतीनशे युरो. सकाळी बेलें भागातला मठ आणि बुरूज, मग जुन्या शहरातले अल्फामा, किल्ला, बायशा, जेवण आणि दुपारनंतर शहराबाहेरचं सिंत्रा. मला हे फार भरगच्च वाटतंय, पण "एवढ्या लांब येऊन सिंत्राचे राजवाडे नाही पाहणार?" असं तिथली बाई म्हणाली आणि मी डळमळले.

भीती वाटायला कारण आहे. दोन वर्षांपूर्वी दुसऱ्या एका राजधानीत असाच खासगी गाइड घेतला होता. तेव्हा बाबांचा गुडघा आणखी वाईट होता. गाइड वीस पावलं पुढे चालायचा, आम्ही पोचेपर्यंत त्याचं बोलून झालेलं असायचं. शेवटचा दीड तास त्यानं आम्हाला भेटवस्तूंच्या दुकानात बसवलं. बाबा त्या रात्री म्हणाले, "मी तुमचा दिवस वाया घालवला." ते वाक्य मला अजून टोचतं. चूक त्यांची नव्हती, मी आधी नीट विचारलं नव्हतं. या वेळी ते होऊ द्यायचं नाही.

म्हणून विचारते. खासगी गाइड खरंच हवा का, की टॅक्सी करून आपापलं फिरता येईल? सिंत्रा सोडावं का? आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे इतिहासावर मोकळेपणी बोलणारा माणूस कसा ओळखायचा? बाबांना नुसत्या पराक्रमाच्या गोष्टी नकोत. ते गोव्यातल्या इन्क्विझिशनबद्दल, म्हणजे धर्मद्रोहाचे खटले चालवणाऱ्या चर्चच्या न्यायालयाबद्दल विचारतील, वसईबद्दल विचारतील, आणि समोरच्याला ते अपमानास्पद वाटू नये अशी त्यांचीच इच्छा आहे. आईच्या जेवणाचंही सुचवा.

*

तेजोकाठी:

मी लिस्बनमध्ये सहा वर्षं राहतेय. सगळ्यात आधी कॅलेंडर बघा. तुमचा दिवस सोमवार आहे आणि जेरोनिमुश मठ सोमवारी बंद असतो. ज्यासाठी बाबा येतायत तेच दार बंद मिळेल. त्या कंपनीनं तुमच्या तारखेवर हा कार्यक्रम पाठवला असेल तर ती बाहेरून गाडी फिरवून "हा मठ" म्हणणार आहे. एवढ्यावरूनच मी त्यांना नाही म्हटलं असतं.

मंगळवारी सकाळी बेलेंला जा. तिकिटाची वेळ आधी घेऊन ठेवा, कारण दार उघडायच्या आधीच रांग लागलेली असते. चर्चमध्ये शिरलं की कबर शोधावी लागत नाही. दाराजवळच डाव्या हाताला वास्को द गामा, उजव्या हाताला कवी कामोंइश. तिथे जमीन सपाट आहे आणि समोर बसायला बाकं आहेत. बाबांना हवा तितका वेळ बसू द्या. त्या सकाळी गाइडची गरज नाही, त्यांना तुमच्यापेक्षा जास्त माहीत असणार. विमानतळ शहराला लागूनच आहे, चारच्या विमानासाठी घाई होणार नाही.

बेलें बुरुजात चढायचा विचार करू नका, आतला जिना अरुंद आणि गोल आहे. पण बाहेरून बघताना बाबांना गेंडा शोधायला सांगा. एका छोट्या बुरुजाच्या तळाशी दगडात कोरलेलं गेंड्याचं डोकं आहे, आता बरंच झिजलंय. गुजरातच्या सुलतान मुजफ्फरशहानं पोर्तुगीज गव्हर्नर अल्बुकर्कला भेट दिलेला गेंडा गोव्याहून जहाजानं १५१५ च्या मे महिन्यात इथे उतरला. युरोपात तेव्हा कित्येक शतकांत कोणी जिवंत गेंडा पाहिला नव्हता. जर्मनीतल्या चित्रकार ड्यूररनं तो न बघताच, ऐकीव वर्णन आणि एका रेखाटनावरून त्याचं प्रसिद्ध चित्र काढलं.

सोमवारी जुन्या शहरासाठी मात्र गाइड घ्याच, पण अर्ध्या दिवसाचा. चार तास पुरतात. सिंत्रा सोडा. जागा सुंदर आहे, पण जाण्यायेण्यात आणि रांगेत दुपार जाते, आणि पेना राजवाड्याकडे चढ आहे.

*

भटकी वाट:

वरच्या प्रतिसादाशी पूर्ण सहमत. गुडघ्याबद्दल थोडं.

लिस्बनचे फुटपाथ पांढऱ्या चुनखडीच्या छोट्या चौकोनी दगडांचे असतात, मधूनमधून काळ्या दगडाची नक्षी. दिसायला देखणे, पण पायांनी घासून गुळगुळीत झालेत. कोरडे असतानाही उतारावर घसरायला होतं आणि पाऊस पडला तर माझ्यासारख्या धडधाकट माणसानंही भिंत धरली आहे. रबरी तळव्याचे बूट आणि काठी, दोन्ही न्या. बाबा काठीला नाही म्हणत असतील तर ट्रेकिंगची घडीची काठी द्या, ती सहसा चालते.

अल्फामा पायी चढू नका. वरून सुरुवात करायची हाही उपाय तुमच्याकडे नाही, कारण उतरणं हीच अडचण आहे. तिथे तीनचाकी टुकटुक भरपूर आहेत, आपल्या रिक्षेच्या भावंडासारख्या, बऱ्याचशा विजेवर चालणाऱ्या. गाइडला सांगून वरच्या भागासाठी टुकटुक आणि खाली सपाटीवर पायी, अशी विभागणी करा. मात्र टुकटुक चालवणारा प्रत्येक जण इतिहास जाणतो असं नाही. बोलणारा माणूस वेगळा घ्या. किल्ल्याकडे जायला बायशातून लिफ्टही आहे. २८ नंबरची ट्राम फोटोत छान दिसते, पण गर्दीत उभं राहावं लागतं आणि खिसेकापूही असतात. तुमच्यासाठी ती नको.

पोर्ताश दु सोल नावाच्या सज्जावर नक्की थांबा. खाली अल्फामाची लाल कौलं आणि पलीकडे नदी. अल्फामा हे नाव अरबी आहे, गरम पाण्याच्या झऱ्यांवरून पडलेलं. ११४७ मध्ये हे शहर मुसलमानांकडून जिंकून घेतलं गेलं, त्याआधीच्या गल्ल्यांची वळणं तिथे अजून आहेत. १७५५ च्या भूकंपातही हा भाग बराचसा वाचला.

बायशा म्हणजे सखल भाग पूर्ण सपाट, तिथे बाबा खुशाल चालतील. १ नोव्हेंबर १७५५, सर्व संतांचा दिवस, लोक सकाळी चर्चमध्ये, मेणबत्त्या लागलेल्या. आधी भूकंप, मग नदीतून समुद्राची लाट, मग कित्येक दिवस आग. नंतर राजाचा मंत्री पोम्बाल यानं सरळ रेषेत रस्ते आखून हा भाग नव्यानं बांधला, घरांच्या भिंतींत भूकंप सोसणारा लाकडी सांगाडा घालून. नदीकाठच्या मोठ्या चौकाला नकाशावर प्रासा दु कोमेर्सिउ म्हणतात, पण जुने लोक अजून 'राजवाड्याचं अंगण' अशा अर्थाचं तेरैरु दु पासु हेच नाव घेतात. राजवाडा तिथेच होता, आणि भारताचा सगळा व्यापार पाहणारी 'काझा दा इंदिया' ही कचेरीही. भूकंपात दोन्ही गेली, दप्तरासकट. वसईचे हुकूम सुटायचे ते इथून. बाबांना त्या चौकात खुर्ची घेऊन बसवा.

*

वसईकर:

ताई, मी भुईगावचा. दोन वर्षांपूर्वी जाऊन आलो, म्हणून तुमच्या शेवटच्या प्रश्नावर लिहितो.

मीही घाबरत घाबरतच विचारलं होतं. आमच्या गाइड बाई पन्नाशीच्या, इतिहास शिकलेल्या. मी "बासाईं", म्हणजे वसईचं पोर्तुगीज नाव, म्हटल्यावर त्या थबकल्या. किल्ल्याचं नाव ऐकून होत्या, फोटो पाहिला नव्हता. मी मोबाइलवर आपल्या किल्ल्यातल्या एका चर्चची पडकी कमान दाखवली. त्यांनी लगेच बेत बदलला आणि आम्हाला कार्मुच्या चर्चमध्ये नेलं. भूकंपात छत कोसळलं, ते परत घातलंच नाही, नुसत्या कमानी आकाशाखाली उभ्या आहेत. मी किल्ल्यातच उभा आहे असं मला वाटलं. खोटं सांगत नाही, डोळ्यांत पाणी आलं. बाबांना तिथे न्या. कार्मु सोमवारी उघडं असतं, रविवारी बंद.

इन्क्विझिशनबद्दल विचारायचं असेल तर रॉसिउ चौकात विचारा. आज तिथे राष्ट्रीय नाट्यगृह आहे त्या जागी इन्क्विझिशनची कचेरी होती. बाजूलाच सांव दोमिंगुश चर्च. १५०६ मध्ये तिथून सुरू झालेल्या दंगलीत ज्यूंची कत्तल झाली, त्याचं स्मारक चर्चबाहेर लहान चौकात आहे. १९५९ मध्ये चर्चला आग लागली, आतले खांब अजून भाजलेले, तडकलेले ठेवलेत. हे सगळं पोर्तुगीज लोकांनी स्वतः शहराच्या मध्यावर मांडून ठेवलंय, त्यामुळे विचारणं त्यांना अपमानाचं वाटत नाही. उलट आमच्या बाई म्हणाल्या की बहुतेक पाहुणे फक्त इथल्या प्रसिद्ध गोड टार्टबद्दल विचारतात.

गाइड ओळखायची माझी रीत सांगतो. पैसे भरण्याआधी मेलवर एक खरा प्रश्न पाठवा. मी विचारलं होतं, "अल्बुकर्कच्या मुलाचं घर दाखवाल का?" ज्यांना माहीत होतं त्यांनी काझा दुश बिकुश हे नाव लगेच लिहिलं. दर्शनी भिंतीवर हिऱ्यासारखे टोकदार दगड बसवलेलं १५२३ चं घर आहे, नदीजवळ, सपाटीवर. दोघांनी नुसती दरपत्रकं पाठवली, त्यांना मी सोडून दिलं.

*

तेजोकाठी:

आईंच्या जेवणाचं राहिलं. ते प्रसिद्ध टार्ट, पास्तेल, म्हणजे अंड्याच्या पिवळ्याचंच, ते त्यांना चालणार नाही. काल्दु व्हेर्द हे हिरव्या पानांचं सूप मागाल तर "सॉसेजशिवाय" असं आधीच सांगा, आणि मांसाचा रस्सा घातलाय का तेही विचारा. मार्तीं मुनीश भागात भारतीय, नेपाळी, बांगलादेशी जेवण सहज मिळतं, रॉसिउपासून जवळ. वेळ असेल तर लुमियारमध्ये राधाकृष्ण मंदिर आहे. मोझांबिकमार्गे आलेल्या गुजराती कुटुंबांनी उभारलेलं. तिथे शाकाहारी जेवण मिळतं.

आणि आईंना एक काम द्या. पाट्या वाचायला सांगा. पाववाल्याकडे 'पांव', किल्ल्या बनवणाऱ्याकडे 'शाव्ह', बाजारात 'बताता' आणि 'कोव्ह', म्हणजे आपली चावी, बटाटा, कोबी. माझी आई आली तेव्हा तिनं वहीत बावीस शब्द उतरवून घेतले. घरी गेल्यावर शेजारणींना तेच सांगत होती, राजवाडे विसरली.

*

धागाकर्ती:

तुम्हा सगळ्यांचे मनापासून आभार. सोमवारची गोष्ट लक्षात आली नसती तर काय झालं असतं या विचारानं काल झोप लागली नाही. त्या कंपनीला नकार कळवला.

आता असं ठरवतेय: सोमवारी सकाळी साडेनऊ ते दीड गाइड. आधी टुकटुकनं पोर्ताश दु सोल, मग खाली काझा दुश बिकुश, नदीकाठचा चौक, तिथे बसणं. मग कार्मु आणि शेवटी रॉसिउ. जेवण मार्तीं मुनीशला. दुपारी आराम, किल्ला सोडला. मंगळवारी सकाळी आम्ही तिघंच बेलेंला. शंका एकच: रॉसिउपासून कार्मु वर आहे ना? तिथून बाबांना पायऱ्या उतरून यायला लागू नये म्हणून गाडी कार्मुच्या चौकापर्यंत बोलवता येते का?

बाबांना फोन करून कार्मुबद्दल सांगितलं. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "वसईच्या किल्ल्यातले चांगले फोटो प्रिंट काढून आणतो. त्या बाईंना देता येतील." कोचीच्या सहलीचा ग्रुप फोटोही शोधतायत.

गाइडना पाठवायच्या मेलचा मसुदा उद्या इथेच टाकते. वसईकर, तुमचा अल्बुकर्कच्या मुलाचा प्रश्न मी त्यात घालतेय, चालेल ना?

*

भटकी वाट:

हो, कार्मु वर आहे. कार्मुच्या शेजारी शियादु भाग आहे, तिथपर्यंत टॅक्सी येते, आणि बायशा-शियादु मेट्रो स्टेशनला सरकते जिने आहेत, तेही खालपर्यंत आणतात. पण ते कधीकधी बंद असतात, त्यामुळे टॅक्सीच धरून चला. किंवा क्रम उलटा करा: रॉसिउ आधी, कार्मु शेवटी, आणि तिथूनच टॅक्सीनं जेवायला.