राजा एक, सिक्का कुणाचा?

एकाने विचारलंय की भोसले नागपूरचे राजे, तर तिथल्या महाल भागात किल्ला बांधून राहणारा 'गोंड राजा' कोण? दोन्ही खरं आहे, आणि ऐतिहासिक कादंबऱ्यांची गल्लत नेमकी इथेच होते.

नागपूर वसवलं देवगडचा गोंड राजा बख्त बुलंद शाहाने, 1702 च्या सुमारास. त्याचा मुलगा चांद सुलतान 1739 मध्ये वारल्यावर गादीच्या भांडणात रघूजी भोसले मध्यस्थ म्हणून आले आणि 1743 पर्यंत सगळा कारभार त्यांच्या हाती गेला. चांद सुलतानाचा मुलगा बुरहान शाह याला मात्र त्यांनी हटवलं नाही. राजा हा किताब आणि तनखा देऊन नागपुरातच ठेवलं. हा उदारपणा नव्हता हो! नावाचा धनी गोंड राजा असला की पुण्याच्या पेशव्याला वरचढपणा सांगायला जागा कमी उरते.

रघूजींचा स्वतःचा किताब 'सेनासाहेब सुभा', तोही साताऱ्याच्या शाहू छत्रपतींकडून. 1755 मध्ये ते गेल्यावर त्यांच्या मुलांचा, जानोजी-मुधोजींचा, वाद पेशव्यापर्यंत गेलाच. जानोजींना सेनासाहेबी, मुधोजींना चांदा आणि 'सेनाधुरंधर'.

म्हणून कथेत राज्य उभं करताना मुकुट नंतर. आधी ठरवा: गादीची मानाची वस्त्रं कोण देतो, वसुली कोण करतो, वारसाला मान्यता कोणाची? कौटिल्याने सांगितलेल्या राज्याच्या सात अंगांत स्वामी, म्हणजे राजा, हे एकच. अमात्य (मंत्री), जनपद (प्रदेश आणि प्रजा), दुर्ग (किल्ला), कोश (खजिना), दंड (सैन्य), मित्र ही बाकी सहा. आपले लेखक दुर्गावर दहा पानं लिहितात, कोशावर ओळ नाही.

1853 मध्ये तिसरे रघूजी निपुत्रिक वारले, तेव्हा महाल आणि फौज जागेवरच होती. वारसाची मान्यता तेवढी इंग्रजांच्या हातात होती.