मदत हवी आहे: कुंडीतला ओक किती वर्षांत मोठा होतो, आणि लावू कुठे?

नमस्कार. आम्ही लंडनच्या पश्चिमेला राहतो. चार वर्षांपूर्वी सासरे तासगावहून आले होते. पार्कात ओकखाली पडलेली टोपीवाली फळं, म्हणजे एकॉर्न, ते रोज खिशात भरून आणायचे. द्राक्षबागेत आयुष्य गेलेला माणूस, बी दिसलं की हात शिवशिवायचे. पाच फळं कुंडीत पुरली. चार खारींनी उकरून नेली, एक उगवलं. गेल्या वर्षी बाबा गेले. रोप जेमतेम गुडघ्याएवढं आहे.

ते कुंडीतच ठेवावं असं आता वाटत नाही. आमचं मागचं अंगण दहा मीटर लांब, माती चिकण. तिथे लावू का? चार वर्षांत एवढंच का वाढलं? पानांवर पांढरी पूडही दिसते. लेक सहा वर्षांची आहे, विचारते, "आजोबांच्या झाडाला फळं कधी येणार?" तिला खरं उत्तर द्यायचं आहे.

प्रतिसाद:
ताई, रोपात खोट नाही. ओक आधी सोटमूळ खाली सोडतो, वर नंतर बघतो. कुंडीत ते मूळ तळाशी गोल फिरत बसलं असणार, म्हणून वाढ अडली. जमिनीत नीट रुजला की वर्षाला फूटभर, चांगल्या जागी दीड फूटही वाढतो. पांढरी पूड म्हणजे भुरी. तासगावकरांना ती वेगळी सांगायला नको, फक्त ओकावरची बुरशी द्राक्षावरच्या बुरशीहून निराळी. कोवळ्या पानांवर, विशेषतः ऑगस्टमध्ये फुटणाऱ्या दुसऱ्या पालवीवर ती जास्त येते. रोप त्यातून सहसा तरतं.

फळांचं मात्र लेकीला स्पष्ट सांगा. इंग्लिश ओकाला साधारण चाळिशीत फळं धरू लागतात, आणि भरघोस बहर ८० ते १२० वर्षांच्या झाडाला. अमेरिकेतला तांबडा ओक लवकर, पंचविशीच्या आसपास फळतो, पण त्याचं फळ पिकायला दोन हंगाम लागतात. तुमच्याकडचं एका हंगामात पिकतं.

प्रतिसाद:
अंगणात लावू नका, हात जोडून सांगतो. पूर्ण वाढलेला ओक २० मीटरच्या वर जातो आणि खूप पाणी ओढतो. कोरड्या उन्हाळ्यात चिकणमाती आकसते, घराचा पाया खचतो. मग विमा कंपनी, शेजारी आणि शेवटी कुऱ्हाड. बाबांचं झाड आहे, त्याला तोडावं लागणार नाही अशी जागा द्या.

धागाकर्ती:
दोघांचेही आभार. "चाळीस वर्षं" म्हटल्यावर लेक बोटं मोजत बसली, मग म्हणाली, "म्हणजे मी आईपेक्षा मोठी असेन." नवरा विचारतोय, तासगावला नेता येईल का?

प्रतिसाद:
नको. या ओकाला हिवाळ्यात पानं गाळून झोपायला खरी थंडी लागते, ती तासगावात नाही. शिवाय रोप देशाबाहेर न्यायला परवाने लागतात. लंडनकडच्याच कौन्सिलला, म्हणजे स्थानिक पालिकेला, किंवा ओळखीच्या शेतकऱ्याला मोकळी जागा विचारा. पानं गळल्यावर, नोव्हेंबर ते मार्चमध्ये लावा. गुंडाळलेली मुळं हलक्या हाताने सोडवा. पहिले दोन उन्हाळे पाणी द्या, बुंध्याभोवतीचं गवत काढत राहा. हरणं आणि ससे येत असतील तर रोपाभोवती उभ्या नळीचं संरक्षण हवंच.

धागाकर्ती:
कौन्सिलला आजच लिहिते. नळी किती उंच घेऊ? इकडे हरणं येतात.

प्रतिसाद:
लहान हरणांसाठी १.२ मीटर. मोठी असतील तर १.८. सोबत भक्कम खुंटा ठोका.