मदत हवी आहे : लग्नाच्या शूटिंगमधून डॉक्युमेंटरीकडे जायचंय, शोरील (कामाचे नमुने दाखवणारा छोटा व्हिडिओ) कसं ठेवू?

नमस्कार मंडळी. नाशकात आठ वर्षं लग्नं शूट करतोय. आता डॉक्युमेंटरीचं कॅमेरावर्क करायचंय, मुंबई-पुण्यात असिस्टंट म्हणून सुरुवात करावी लागली तरी चालेल.

गेल्या पावसाळ्यात जुन्या नाशकातल्या एका तांबटाच्या दुकानात अकरा दिवस शूट केलं. उजेड एका ट्यूबचा. पहिल्या दिवशीचं फुटेज फ्लिकरमुळे (ट्यूबच्या लुकलुकण्याने चित्रात येणारी थरथर) वाया गेलं. मग सेकंदाला २५ फ्रेमला शटर १/५० सेकंद ठेवलं (आपली वीज ५० हर्ट्झची, ट्यूब त्याच तालावर लुकलुकते, हे लग्नाच्या हॅलोजनखाली कधी जाणवलंच नव्हतं). चौथ्या दिवसानंतर काका कॅमेऱ्याकडे बघेनासे झाले. हंड्यावर ठोके देता देता ते मध्येच थांबतात आणि अंगठ्याने पोचा चाचपतात. तो सलग चार मिनिटांचा शॉट आहे, हातात कॅमेरा धरून घेतलेला.

दोन मिनिटांचं संगीत घातलेलं रील सहा जणांना पाठवलं. एकाचंच उत्तर आलं, "वेडिंग टीझर वाटतोय." खरं आहे ते.

पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म संस्थेचा तीन वर्षांचा कोर्स घरच्या जबाबदाऱ्यांमुळे शक्य नाही. कॅमेरा स्वतःचा आहे, कॉलरला लावायचा एक लॅव्हेलिअर माइकही. महिन्यातले दहा दिवस मोकळे काढता येतील.

डॉक्युमेंटरीवाल्या डीओपींनाच (मुख्य कॅमेरामननाच) विचारतोय : असिस्टंट निवडताना तुम्ही कापलेलं (एडिट केलेलं) रील बघता की असा न कापलेला सलग प्रसंग? आणि लग्नाचं काम त्यात ठेवू की पूर्ण काढून टाकू?